चाचांच्या गिरणीचा आवाज

जुन्नरला आम्ही इब्राहिमचाचांच्या घरामागच्या दोन खोल्यांत राहायचो. खोल्या कसल्या, चाचांच्या वडिलांच्या वेळी तिथे हातकागदाचा लगदा ठेवायचे. जुन्नरचा कागद म्हणे एके काळी लांबलांब जायचा. मी पाहिलं तेव्हा त्या धंद्याचं नाव तेवढं मोहल्ल्याला उरलं होतं, आणि पावसाळ्यात आमच्या भिंतींना आंबूस वास सुटायचा. "इथे कागद भिजायचा, आता मी भिजते," असं बा म्हणायची. बा म्हणजे माझी आई, आणि वडील ते बापा. काठियावाडातल्या आम्हा लुहारांच्या घरांत आईबापांना हेच म्हणतात. शाळेत मी 'माझी बा' म्हटलं की मुली फिदीफिदी हसायच्या, म्हणून शाळेपुरती मी 'आई' म्हणायला शिकले. घरचा उंबरा ओलांडला की पुन्हा बा. आज माझी नातवंडं तीन भाषांत बोलतात आणि त्याचं सगळ्यांना कौतुक. मी दोन भाषांत बोलायचे तेव्हा मात्र वर्गभर हशा व्हायचा. असो.

बापा, म्हणजे जेठूभाई, इंजिनचे मिस्तरी. चाचांनी कागदाचा नाद सोडून पिठाची गिरणी टाकायचं ठरवलं आणि मुंबईहून एक जुनं तेलइंजिन आणलं. ते बसवून द्यायला दुकानदाराने जो माणूस सोबत धाडला, ते बापा. थोड्या दिवसांचं काम होतं. पण इंजिन म्हातारं. आज याचं वायसर गेलं, उद्या त्याचा पट्टा सुटला, असं त्याचं रोज काहीतरी दुखायचं. बापांनी मुक्काम वाढवला, आणि मग एके दिवशी बाला आणि मला तार करून बोलावून घेतलं. दिवाळीनंतर परत जाऊ, होळीनंतर परत जाऊ, असं करता करता मी जुन्नरच्या शाळेत वरच्या वर्गात गेले. बाची एक मोठी पेटी मात्र कधी पूर्ण रिकामी झाली नाही. जायचंच आहे, मग काढायचं कशाला, असा तिचा हिशेब.

त्या वेळी गावात वीज नव्हती आणि सगळी कामं इंजिनांवर चालायची. भाताच्या गिरण्या होत्या, शेंगदाण्याचं तेल काढणारी एक होती, पिठाची आमची. आसपासच्या गावांतल्या बागाईतदारांनीही विहिरींवर इंजिनं बसवायला सुरुवात केली होती. त्यामुळे पहाटेच दाराशी कुणीतरी उभं राहायचं. राजुरीचा कुणी असायचा, निरगुडसरचा कुणी असायचा. "मिस्तरी हायेत का? इंजान बसलंय वं. रातच्याला चांगलं व्हतं, सकाळी बघतो तर हूं न्हाई का चूं न्हाई." बापा तोंडात दातवण तसंच ठेवून विचारायचे, "तेल गाळून घातला व्हता?" पाहुणा जमिनीकडे बघायचा. बापा म्हणायचे, "इंजान तर डाहा हाय, तूच डाहा नाय." डाहा म्हणजे गुणी, शहाणा. हा शब्द बापांनी गुजरातीतून उचलून तसाच मराठीत वापरायला काढला, आणि लोकांनाही तो इतका आवडला की काही दिवसांनी राजुरीचे शेतकरी आपल्या बैलांनाही डाहा म्हणू लागले. संध्याकाळी बापा परतायचे ते सायकलला मेथीच्या जुड्या, नाहीतर गुळाची ढेप अडकवून. अंगाला क्रूड तेलाचा वास. तो वास मला अजून कुठे आला की मी तिथे थांबते. माणसांना अत्तराच्या वासाने घरची आठवण येते, मला गॅरेजच्या.

बाचं मराठी हा वेगळाच विषय आहे. तिला मराठी शिकवलं खैरुनचाचींनी, म्हणजे इब्राहिमचाचांच्या बायकोने. चाचींचं मराठी जुन्नरी मुसलमानांचं, मधेच 'नक्को' आणि 'कायकू' येणारं. बाने ते जसंच्या तसं घेतलं आणि वरून काठियावाडी हेल चढवला. पेठेतल्या बायका तिला मुद्दाम बोलायला लावायच्या. "जेठूभाभी, आज काय केलंत?" "आज नक्को विचारू, रोटला बिघडी गेला." बायका पदर तोंडाला लावून हसायच्या. बा आपली गंभीर. तिला वाटायचं रोटल्याला हसतात.

रोटलाही हसण्यासारखाच होता म्हणा. जुन्नरच्या बायका बाजरीची भाकरी थापतात ती पातळ, टम्म फुगलेली. बाचा रोटला हाताच्या पंजावर थापलेला, जाडजूड, मधोमध बोटाने खड्डा करून त्यात तूप. बरोबर लसणाची चटणी आणि छास, म्हणजे ताक. ती ताक रोज घुसळायची आणि एक लोटा चाचींकडे जायचा. चाचींकडून यायचं तेही शाकाहारीच, पण बाची खात्री पटायला वेळ लागला. पहिल्या वर्षी चाचींनी मासवडी पाठवली. बेसनाची वडी, आत तीळ-खोबरं, सोबत झणझणीत रस्सा. बाने नाव ऐकलं आणि वाटी उंबऱ्याबाहेर ठेवून आंघोळीला गेली. त्यात मासा नाही, हे पटवायला चाचींनी तिच्यासमोर बसून सगळी मासवडी पहिल्यापासून करून दाखवली. पुढे बा इतकी चांगली मासवडी करायची की भावनगरचे पाहुणे आले की हट्टाने मागायचे, आणि नाव ऐकून तेही दचकायचे.

आमच्या आणि चाचींच्या स्वयंपाकघरांमध्ये एक भिंत होती आणि भिंतीत एक लहान खिडकी. लोटे-वाट्या, विस्तव, बातम्या, सगळं त्या खिडकीतून इकडून तिकडे जायचं. चाचींकडे मटण शिजायचं त्या दिवशी खिडकीचं दार त्या आपणहून लावून घ्यायच्या. बाने असं कधी सांगितलं नव्हतं, त्यांनीही कधी बोलून दाखवलं नाही. वास यायचा तो यायचाच. पण लावलेल्या खिडकीचा मान ठेवून बा त्या दिवशी नाकावर पदरही घेत नसे. दुसऱ्या दिवशी सकाळी दार उघडायचं आणि पहिला प्रश्न यायचा, "हंसाने दूध पिलं का?" हंसा म्हणजे मी.

आता गिरणीच्या आवाजाचं सांगायला हवं, कारण आजच्या मुलांना ते ठाऊक नसतं. इंजिनचं धुराडं पत्र्यातून वर काढलेलं असायचं आणि त्याच्या तोंडावर मिस्तरी एक डबा बसवायचा, पालथा, थोडा मोकळा. धूर त्यातून बाहेर पडताना आवाज निघायचा, टुक् टुक् टुक्, आणि तो पार नदीपलीकडच्या वाड्यांपर्यंत जायचा. गिरणी चालू आहे की बंद, हे बायकांना घरबसल्या कळावं म्हणून ही युक्ती. आवाज आला की त्या दळणाची पाटी डोक्यावर घेऊन निघायच्या. नाही आला तर पाटी तशीच ठेवून शेतात जायच्या. गिरणीवर नावाची पाटी नसायची. आवाज हेच नाव. चाचांच्या गिरणीचा आवाज बापांनी लावला होता. डब्याला कुठे ठोकून, कुठे भोक पाडून, कान लावून लावून त्यांनी तो असा काढला होता की टुक् नंतर एक बारीक हुंकार यायचा, कोवळ्या पारव्यासारखा. गावात सगळ्यांना तो आवडायचा. लहान मुलं त्याची नक्कल करायची. चाचा तर म्हणायचे, "मिस्तरी, तू माझ्या गिरनीला गळा दिला बघ."

शुक्रवारी दुपारी मात्र तो गळा गप्प व्हायचा. जुम्म्याच्या नमाजाला जायच्या आधी चाचा स्वतः इंजिन बंद करायचे, कुलूप लावायचे. हेही वाड्यांवर सगळ्यांना माहीत. शुक्रवारी दुपारी कुणी दळण घेऊन निघालंच तर घरातलं मोठं माणूस हटकायचं, "आगं, आज चाचांचा जुम्मा न्हाई का?"

मग भिकाशेटने नदीच्या अंगाला दुसरी पिठाची गिरणी टाकली. भिकाशेट धान्याचा व्यापारी, सरळ माणूस. आधी चाचांना भेटला, सांगितलं, मग टाकली. चाचाही म्हणाले, "टाक की. गाव वाढतंय, एका गिरनीनं कुठं भागतंय." इंजिन बसवायला गावात मिस्तरी एकच, त्यामुळे बापांना बोलावणं आलं. चाचांनीच त्यांना जायला सांगितलं. बापांनी नवंकोरं इंजिन बसवलं, दळायच्या दगडांना छिन्नीने टाकी लावून दिली, आणि शेवटी धुराड्यावर डबा चढवला. डबा वेगळा, धुराडं वेगळं. तरी बापा तिथे एक अख्खी दुपार ठोकत बसले आणि घरी आले ते खुशीत. बाला म्हणाले, "आज बराबर लागला."

ती गिरणी सुरू झाली त्या आठवड्यात चाचा ओतूरला लग्नाला गेले होते. ते गुरुवारी रात्री उशिरा आले, आणि दुसऱ्या दिवशी शुक्रवार होता.

चाचा मशिदीत पुढच्या रांगेत बसले होते. इमामसाहेबांचं बोलणं चालू होतं, सगळे शांत, आणि बाहेरून आवाज आला. टुक्, हूं. टुक्, हूं. शेजारच्या म्हाताऱ्याने चाचांच्या गुडघ्याला हात लावला. "इब्राहिमभाई, तुमचं इंजान चालू ऱ्हायलं वाटतं." चाचांनी स्वतःच्या हाताने बंद केलं होतं. किल्ली खिशात होती. पण आवाज त्यांच्याच गिरणीचा, त्यात शंका नाही, आणि एकेक मान त्यांच्याकडे वळू लागली. नमाज सोडून उठता येईना. संपल्यावर ते चपला हातात घेऊन गिरणीकडे धावले. कुलूप जागेवर होतं. आत जाऊन त्यांनी इंजिनला हात लावला, ते निवत चाललं होतं. आणि नदीकडून त्यांच्या गिरणीचा आवाज येतच होता. त्या दुपारी वाड्यांवरच्या बायकांनी आपापसांत म्हटलं, की चाचांनी नमाज सोडली. त्यांचं काही चुकलं नाही. त्यांनी कानाने ऐकलं ते म्हटलं.

चाचा तिथून सरळ आमच्या दाराशी आले. मी तांदूळ निवडत बसले होते. बा चाचांना पाहून चटकन डोक्यावरून पदर ओढून चुलीकडे सरकली. आमच्याकडे नवऱ्याहून मोठ्या पुरुषासमोर बाई तोंड उघडं ठेवत नाही आणि त्याच्याशी बोलतही नाही. बाने चाचांना थोरल्या दिराच्या जागी मानलं होतं.

"जेठू, भाईर ये," चाचा म्हणाले. 'जेठूभाई' नाही, नुसतं जेठू.

बापा हात पुसत आले.

"माझ्या गिरनीचा आवाज तू भिकाशेटला दिलास?"

"आवाज कुठं देणार, चाचा? डबा दिला."

"मशिदीत बसलो व्हतो मी. खाली मान घालून बसलो व्हतो, आन् सारी जमात माझ्याकडं बघत व्हती. म्हंत्यात, इब्राहिम जुम्म्याला बी दळतोय. तू माझ्या घरात ऱ्हातोस, माझ्या पोराच्या जागी धरलं तुला, आन् माझाच गळा काढून दुसऱ्याला बसवलास?"

एवढं ऐकून बापांनी गप्प बसायला हवं होतं. पण कारागिराचा स्वभाव! त्यांना वाटलं चाचा कामाला नावं ठेवतायत. ते म्हणाले, "आवाज बराबर लागला हाय. बराबर आवाज एकच असते. खोट काढा आणि बोला."

"खोट न्हाई," चाचा म्हणाले, "त्येच तर दुखनं हाय." आणि निघून गेले.

संध्याकाळी मधल्या खिडकीचं दार लागलं. मी वासाची वाट पाहत राहिले. वास आला नाही. चाचींनी त्या दिवशी वरण-भात केला होता. मटण न शिजवता ती खिडकी पहिल्यांदाच बंद झाली होती, आणि मग ती बंदच राहिली. बा रोज ताक घुसळायची, एक लोटा भरून खिडकीखाली ठेवायची, संध्याकाळी तो आंबलेला लोटा तुळशीत ओतायची. मला सकाळी दूध प्यालं का म्हणून विचारणारं कुणी उरलं नाही. मला त्या खिडकीचा इतका राग यायचा की एकदा मी तिच्याखालच्या भिंतीला लाथ मारली आणि अंगठा सुजवून घेतला. हसू येतं आता, तेव्हा रडू आलं होतं.

चाचांनी आम्हाला खोल्या सोडा असं म्हटलं नाही. म्हटलं असतं तर बरं झालं असतं, असं बापा म्हणायचे. चाचांच्या गिरणीवर गिऱ्हाईक कमी होत चाललं. भिकाशेटची गिरणी नदीच्या वाटेवर, वाड्यांवरच्या बायका आवाज ऐकून निघायच्या आणि जी आधी लागेल तिथे पाटी उतरवायच्या. बापा भिकाशेटकडे कामाला जात होते, पण त्यांचं लक्ष नव्हतं. एके दिवशी जेवता जेवता म्हणाले, "दिवाळी झाली की देशी जाऊ. इथलं संपलं." देशी म्हणजे काठियावाडला. मी बाकडे पाहिलं. इतकी वर्षं जायचं जायचं म्हणणारी बा. तिने उठून ताटं उचलली. मला मात्र कळून चुकलं की आता जुन्नर सुटणार, शाळा सुटणार, आणि चाचींशी न बोलताच आम्ही जाणार.

पुढे जे घडलं त्याला मी हजर नव्हते. पण चाचा, चाची आणि बा या तिघांकडून मी ते इतक्यांदा ऐकलंय की हजर असल्यासारखंच आहे. बापांचं दुपारचं जेवण गिरणीवर मी पोचवायचे. त्या दिवशी माझा अंगठा सुजलेला, चालता येईना. बा म्हणाली, मी जाते. मी भिकाशेटच्या गिरणीची वाट सांगू लागले तर म्हणाली, "वाट कशाला? आवाज येतोय ना." बा दोन्ही गिरण्यांत कधीच गेली नव्हती, आमचं पीठ घरी यायचं. तिने रोटले, चटणी फडक्यात बांधली, ताकाचा लोटा घेतला, आणि लांब घुंगट काढून आवाजाच्या रोखाने निघाली. पेठेच्या गल्ल्या अशा की आवाज इथून येतोय म्हणावं तर तिथून येतो. ती वळत वळत गेली, पत्र्याच्या छपराखाली शिरली, जेवण खाली ठेवलं आणि बापांना हाक मारणार तोच तिला समोर चाचा दिसले. वजनकाट्याशी, एकटे.

बाचे पाय जागच्या जागी राहिले. मागे फिरावं तर अपमान, बोलावं तर रीत मोडते. आमच्याकडे अशा वेळी बाई भिंतीशी बोलते, नाहीतर खांबाशी; ज्याने ऐकायचं तो ऐकतो. बा चाचांकडे पाठ करून वजनकाट्याला म्हणाली, "काट्या, तुझ्या मालकाला सांग, मी इथं चुकून आली. मी तर आवाजामागं चालली व्हती."

 मग चाचाही काट्याला म्हणाले, "काट्या, बाईंना इचार, मिस्तरीच्या बायकोला बी मिस्तरीची गिरनी वळखू येत न्हाई?"

"नाय येत. सांग त्यांना, दोन्ही सारखेच वाजतात. माझ्या सासऱ्याच्या भट्टीमागं कापसातली सरकी काढायचा जिन व्हता. त्याचा इंजान असाच बोलायचा, टुक् करून हूं. हे पाळण्यात व्हते तेव्हापासून तोच ऐकला. यांच्या कानात आवाजच एक हाय. कुठलंबी इंजान द्या, हे ठोकून ठोकून तिथंच आणतात. चाचांचा आवाज यांनी विकला नाय. त्यांनी दोघांना आपल्या गावाचा आवाज दिला."

बा इतकं लांब कुणाशी बोलल्याचं मी तरी कधी ऐकलं नव्हतं.  ती थांबली आणि चाचा हसायला लागले, ते असे की दळणाला आलेल्या दोन बायका आत डोकावल्या. चाचांनी फडकं पुढ्यात ओढलं. "काट्या, बाईंना सांग, जेवन आवाजामागं आलं. आवाज माझा, तवा जेवन बी माझं." रोटला, चटणी, ताक, सगळं त्यांनी तिथेच बसून संपवलं. मग बाजारातून केळ्यांची फणी घेऊन भिकाशेटच्या गिरणीवर गेले आणि बापांसमोर ठेवली. "जेठूभाई, तुझं जेवन मी खाल्लं. खिडकी लागल्यापासनं माझ्या घरचं तू खात न्हाईस, म्हनून केळी आनली." बापांनी तेलाच्या चिंधीत तोंड लपवलं. बापांना रडताना भिकाशेटच्या माणसांनी पाहिलं, मी कधीच नाही.

त्या संध्याकाळी खिडकी उघडली. चाचींनी नुसता हात आत घातला आणि त्या बाचा हात धरून उभ्या राहिल्या. मला बाजूला ढकलून दोघी रडल्या. मीही रडले, आणि मग चाचींनी माझा अंगठा बघायला मागितला.

आता दोहोंपैकी एक आवाज बदलणं भाग होतं. भिकाशेट म्हणाला, मी पहिल्यापासून हाच वाजवतोय, मी कशाला बदलू. त्याचंही खरं होतं. चाचा म्हणाले, "ऱ्हाऊ दे त्याचा. माझा काढ." ज्याचा आवाज आधीचा, त्याने आपला द्यायचा, हे बापांना सोसेना, पण चाचा ऐकेनात. बापा छपरावर चढले. तेलाचा डबा लावून पाहिला, पत्र्याची बादली लावून पाहिली. पहिल्यांदा वेगळा आवाज यायचा, मग बापांचा हात शिवशिवायचा, हातोडी चालायची, आणि थोड्या वेळाने पुन्हा टुक्, हूं. खाली उभे असलेले चाचा कपाळाला हात लावायचे. शेवटी बाने माझ्याकडून निरोप धाडला: हातोडी खाली टाका. चाचींनी घरातून लग्नकार्याचं एक जुनं, बूड गेलेलं तांब्याचं पातेलं पाठवलं. बापांनी ते तारेने बांधलं आणि हातोडीविना खाली उतरले. इंजिन फिरवलं. घॉक् घॉक् घॉक् घॉक्. घसा बसलेल्या म्हाताऱ्याने खोकावं तसा आवाज. बापांनी दोन्ही कानांवर हात ठेवले. "एवढा वाईट काम मी जिंदगीत नाय केला," ते म्हणाले, आणि मला वाटतं खरोखरच त्यांनी आयुष्यात केलेली सगळ्यात अवघड गोष्ट ती, की वाईट वाजतंय ते वाईटच राहू दिलं.

दुसऱ्या दिवशी सकाळपासून चाचांची गिरणी खोकत होती आणि कुणीही येत नव्हतं. वाड्यांवर हा आवाज कुणाचा हे कुणाला माहीत? चाचा काट्याशी बसून होते, इंजिन नुसतंच तेल पीत होतं. बापा घरी येऊन ओट्यावर बसले. "बघ," बाला म्हणाले, "माझ्यापायी त्यांचा पहिला आवाज गेला, आता दुसराबी फुकट. दिवाळीपर्यंत कशाला थांबायचं?"

 बाने खिडकीतून चाचींना हाक मारली. चाची बुरखा घालून बाहेर आल्या, बाने माझा हात धरला, आणि आम्ही तिघी पेठेतून निघालो. मी लंगडत, बा झपझप. वेशीपर्यंत तिचं घुंगट हनुवटीपर्यंत होतं. नदीत उतरताना दगड दिसेनात म्हणून तिने ते मागे सारलं, आणि पलीकडे गेल्यावर पुन्हा पुढे ओढायचं ती विसरली की तिने ओढलं नाही, ते मी कधी विचारलं नाही. दार दिसलं की बा थांबायची. "बाई, ऐका. हा घोगरा आवाज येतो ना, तो इब्राहिमचाचांच्या गिरणीचा. चांगला आवाज येतो तो भिकाशेटचा. घोगऱ्याकडं या. पीठ बारीक मिळेल." मागून चाची म्हणायच्या, "आन् जुम्म्याला आमचं बंद असतं वं, कुणी काय बी म्हनो." बायका हसायच्या. काही दारातून, काही गोठ्यातून बाहेर येऊन कान द्यायच्या. "आगं बया, खरंच की, खोकतंय नुसतं!" एकीने लागलीच चुंबळ घेतली आणि पाटी उचलली.

शेवटच्या वाडीवर एक म्हातारी शेंगा फोडत बसली होती. तिने बाचं बोलणं शेवटपर्यंत ऐकून घेतलं, मग डोळ्यांवर हात धरून तिला खालवर न्याहाळलं.

"तुमचं बोलनं लई न्यारं हाय, बाई. तुमी कुठल्या म्हनायच्या?"

नदीपलीकडून आवाज येत होता, घॉक् घॉक्. बाने वळून पाहिलं नाही. नुसता त्या दिशेला हात केला आणि म्हणाली, "तिथली."